मंदाताईंचा तिसरा सूर

एकी म्हणजे सगळ्यांनी एकच सूर लावायचा, हे तुम्हांला कुणी शिकवलं?

मला पत्रकांनी शिकवलं. आमच्या घरात पुस्तकं कमी आणि पत्रकं जास्त होती. गुलाबी, पिवळ्या, पोपटी कागदांवर छापलेली. वडील ती बैठकांमधून आणायचे आणि आई त्यांचे गठ्ठे बांधून फळीवर ठेवायची. मी वाचायला शिकलो ते त्या गठ्ठ्यांवर. ‘एकमुखाने मागणी करा’, ‘एका आवाजात सांगा’ अशी वाक्यं बाराखडीबरोबरच पाठ झाली. त्यामुळे चार माणसं एकाच वेळी चार वेगळे सूर लावतात आणि तरी त्यांचं भांडण होत नाही, हे पहिल्यांदा ऐकलं तेव्हा माझा विश्वास बसला नाही. वाटलं, ही क्लबात बसणाऱ्यांची काहीतरी नाजूक लबाडी असणार.

ज्यांनी हे ऐकवलं त्या मंदाकिनी ओव्हाळ. शिरूरला आमच्या भिंतीला भिंत लावून राहायच्या. वस्तीत त्या मंदाताई, दौंडच्या रेल्वे कॉलनीत मॅन्डी, आणि टेलिफोनच्या तारेवर नुसत्या ‘शिरूर एक्स्चेंज’. नव्वदच्या दशकात त्या एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर होत्या. ड्युटीवर त्यांचं मराठी बातम्यांसारखं स्वच्छ असे, घरी आल्यावर उंबऱ्यातच ‘हाय’, ‘न्हाई’ सुरू होई. रविवारी सकाळी शिरूरहून चौफुल्याला एक एसटी आणि चौफुल्याहून दौंडला दुसरी, असा प्रवास करून त्या ‘जंक्शन फोर’ नावाच्या चौघांच्या गटात जॅझ गायला जात.

या गटात सगळ्यांत वरचा, पुढचा सूर हेझल मिस यांचा. त्या कॉलनीतल्या शाळेतून निवृत्त झालेल्या बाई. दुसरा सूर डेनिस नावाच्या तिकीट तपासनिसाचा. सगळ्यांत खालचा, खर्जातला सूर रॉनी अंकलचा. ते इंजिन ड्रायव्हर होते आणि कॉलनीत त्यांना सगळे अंकलच म्हणत. डेनिस आणि रॉनी अंकल यांच्यामध्ये जी जागा उरते ती मंदाताईंची, तिसऱ्या सुराची. लोक घरी जाताना हेझल मिसची चाल गुणगुणत जायचे. रॉनी अंकलचा खर्ज छातीत घुमायचा. तिसरा सूर मात्र कुणाला वेगळा ऐकू यायचा नाही. तो काढून घेतला तरच काहीतरी गेल्याचं कळायचं. आणि चौघांतला एक जरी गेला तरी सगळंच गाणं पडायचं, तीन पायांवर खाट पडते तसं. हे चारही पाय जागेवर राहावेत एवढ्यासाठी मंदाताईंनी उभं आयुष्य खर्ची घातलं. लग्नाबद्दल कुणी विचारलं तर म्हणायच्या, “चौघांत नवरा कुठं बसवू?”

त्यांचे वडील दौंडच्या लोको शेडमध्ये खलाशी, म्हणजे इंजिनांच्या कामावरचे मदतनीस, होते. दहावी झालेली मंदा त्यांचा डबा घेऊन जात असे. एकदा शेडच्या पायरीवर बसून रॉनी अंकल स्वतःशीच काहीतरी गात होते आणि ही डबा मांडीवर धरून पलीकडे बसली होती. थोड्या वेळानं अंकलना कळलं की आपल्या सुराच्या वर अजून एक सूर आहे आणि तो आपल्याला धरून चाललाय. ते थांबले, तर हीसुद्धा थांबली.

“बेटी, ये किसने सिखाया?”

“कुणी न्हाई.”

“फिर मेरा सूर क्यों नहीं गाया?”

“तिथं तुम्ही बसला होता. मी शेजारी बसले.”

रेल्वेच्या डब्यात वाढलेल्या माणसाचं उत्तर आहे हे. भरलेल्या बाकावर बसायचं नाही, शेजारची जागा बघायची. मंदाताईंचं अख्खं संगीतशास्त्र एवढंच होतं आणि ते त्यांना आधी आपोआप यायचं, नंतर कष्टानं यायला लागलं. कॉलनीतल्या हॉलमध्ये त्यांना घेतलं तेव्हा कुरकुर झाली. खलाशाची पोर, आंबेडकरी वस्तीतली, इंग्रजी धड येत नाही. हेझल मिसनी एकेक शब्द गिरवून घेतला. त्यांनी ते प्रेमानं केलं की गरजेनं, हे मी मंदाताईंना एकदा विचारलं होतं. गरजेनं, त्या म्हणाल्या, आणि गरजेनं केलेलं टिकतं.

माझ्या आईला जॅझ म्हणजे काय ते कळत नव्हतं. तिनं एकदा भाकरी थापताना विचारलं.

“वहिनी, तुम्ही थापताना एखादी थाप मुद्दाम उशिरा मारता का?” मंदाताईंनी उलट विचारलं.

“कशापायी मारू?”

“ते जॅझवाले मारत्यात.”

“मग भाकर मोडत न्हाई?”

“मोडायच्या आत फुडची थाप येती.”

आईनं त्या दिवशी करून पाहिलं. भाकरी मोडली. पण त्यानंतर वस्तीतली पोरं मंदाताईंना ‘डुबाडुबा बाई’ म्हणून चिडवायची तेव्हा आई त्यांना हुसकावून लावायची. जॅझमध्ये मध्येच शब्द संपतात आणि नुसते डू-बा, शू-बा असे बोल येतात, त्यावरून ते नाव पडलं होतं.

सराव रविवारी एकदाच व्हायचा. बाकीचे दिवस मंदाताई डायल टोनवर गायच्या. फोन उचलला की जो एकसारखा गुंजणारा आवाज येतो, तो त्यांचा तानपुरा. जेवणाच्या सुट्टीत, एक्स्चेंजमध्ये कुणी नसताना, हेडफोन उजव्या कानाला लावून त्या गुंजनाच्या शेजारी आपला सूर ठेवायच्या आणि न हलता धरून बसायच्या. एकदा सुट्टी संपली तरी त्यांच्या ध्यानात आलं नाही आणि ट्रंक कॉलची वाट बघत असलेल्या एका सरपंचाला ते ऐकू गेलं.

“बाई, फोनात कोन कन्हतंय?”

“लाइन तापतेय, मामा. जरा थांबा.”

सरपंच थांबले. नंतर ते गावात सांगत फिरले की शिरूरची लाइन तापताना लई ग्वाड आवाज करती.

मंदाताईंना सगळ्यांबरोबर गाताच येत नसे. ऑफिसात साहेबांचा वाढदिवस झाला, सगळ्यांनी केकभोवती उभं राहून गाणं म्हटलं. मंदाताईंचा आवाज भलतीकडेच. साहेबांनी नंतर हसत विचारलं, तर म्हणाल्या, “त्या सुरावर गर्दी झाली होती, साहेब.”

पुण्यात कुठल्याशा क्लबात त्यांचा कार्यक्रम असे. तिथला निवेदक ठरवून सांगायचा की हे चौघे थेट गोव्याहून आलेत. दौंडहून आलेत म्हटलं तर लोकांना कमी वाटेल, असा त्याचा हिशेब. दोनदा ऐकून घेतलं. तिसऱ्यांदा मंदाताई माइकपाशी गेल्या आणि मराठीत म्हणाल्या, “आम्ही दौंडचे. सकाळच्या शटलनं आलो. बसायला जागा मिळाली नाही.” हॉल हसला. निवेदक त्यांच्याशी नंतर बोलला नाही. हेझल मिस गाडीत म्हणाल्या, “मॅन्डी, आपण पुन्हा बोलावले जाणार नाही.” बोलावलं गेलं. फक्त निवेदक बदलला होता.

ही हकीकत ऐकून मी फार पेटलो होतो. तोवर मी कॉलेजात गेलो होतो आणि वस्तीच्या कार्यक्रमांची पत्रकं मीच लिहायचो. मी एक पत्रक लिहिलं: खलाशाच्या मुलीचा आवाज वर्षानुवर्षं मागच्या रांगेत दाबला, जाहिरातीत तिचं नाव नाही, हे कुठवर सोसायचं, वगैरे. छापायच्या आधी मंदाताईंना दाखवलं. त्यांनी चष्मा लावून सगळं वाचलं.

“लिहितोस चांगलं,” त्या म्हणाल्या. “पर दाबलाय कुणी?”

“मग काय केलंय?”

“म्या धरलाय. दिवसभर आभाळाकडं बघत पतंगाची दोरी धरून बसलेल्या माणसाला, तुला कुणी बांधून ठिवलं, आसं इचारशील का?”

मला पटलं नाही. अजूनही पूर्ण पटलेलं नाही. जाहिरातीत नाव यायला हवं होतं, हे मी आजही म्हणेन. पण ते पत्रक मी छापलं नाही.

मग हेझल मिस जायच्या झाल्या. कॉलनीतली अँग्लो-इंडियन घरं एकेक करून रिकामी होत होती. कुणी ऑस्ट्रेलियाला, कुणी इंग्लंडला. जाण्याच्या आधी दारात कपाटं, पियानो, मुलांच्या सायकली विकायला मांडलेल्या दिसायच्या. हेझल मिसची मुलगी पर्थला होती आणि तिनं कागद पाठवले होते. जंक्शन फोरचा पुढचा सूर जाणार, म्हणजे जंक्शन फोर जाणार, हे सगळ्यांना दिसत होतं. पुण्याचे एक आयोजक मुद्दाम दौंडला आले आणि हॉलमध्येच मंदाताईंना म्हणाले, “तुम्ही पुढं या. ‘मॅन्डी आणि मंडळी’ म्हणून लावू. तुमच्या जागी मागं कुणीही चालेल.”

“कुणीबी?”

“हो, तो सूर काय, कुणीही भरेल.”

“मग तुम्हीच भरा की. मी फुडं गाते, तुम्ही मागं ऱ्हा.”

आयोजकांनी विनोद समजून हसून घेतलं. मंदाताई हसल्या नाहीत. त्या एसटीत बसून शिरूरला आल्या आणि दुसऱ्या दिवसापासून नवा पुढचा आवाज शोधायला लागल्या.

तो त्यांना आमच्याच वस्तीत सापडला. जयंती जवळ आली होती आणि वस्तीची गायन पार्टी रोज संध्याकाळी विहारापुढं तालीम करत होती. पेटीवर आप्पा. आप्पांनी आयुष्यभर भीमगीतं गायली होती आणि त्यांचा दरारा होता. पुढं गायला कविता. ती सणसवाडीच्या कंपनीत वायरी जोडण्याच्या लाइनवर कामाला होती. पहिली पाळी करून कंपनीच्या बसनं यायची आणि त्याच ड्रेसवर माइकसमोर उभी राहायची. तिचा आवाज मोकळा होता, पार हायवेपर्यंत जाईल असा. आम्ही मंदाताईंना खूप आग्रह केला की तुम्ही एकट्यानं एक गाणं म्हणा. त्या नाही म्हणाल्या. कोरसात उभी राहते म्हणाल्या.

पहिल्याच कडव्यात आप्पांनी पेटी थांबवली.

“मागं कोन बेसूर झालंय?”

सगळ्यांनी मंदाताईंकडं पाहिलं. त्यांनी मान्य केलं, “म्या.”

“ताई, तुम्ही पुण्या-मुंबईच्या गायिका. सोप्पी चाल हाय ही.”

“चाल सोपी हाय, आप्पा. पर ती कविता गातीय की.”

“समदेच तीच गात्यात. कोरस हाय हा.”

“व्हय. म्हनून म्या दुसरं गाते.”

आप्पांना यात उद्धटपणा दिसला. ते काही बोलणार एवढ्यात कविता मागं वळून म्हणाली, “आप्पा, बेसूर न्हाई ते. मला माझाच आवाज मोठा ऐकाया आला. पुन्यांदा घ्या बरं.”

आप्पांनी पुन्हा घेतलं नाही. तालमीत एकच सूर हवा, असं त्यांचं म्हणणं होतं, आणि खरं सांगायचं तर माझंही होतं. पण त्या रात्री मंदाताई कविताच्या घरी गेल्या आणि तिच्या आईकडून रोज तासभर पोरगी मागून आल्या.

पुढचे काही महिने मी ती शिकवणी भिंतीपलीकडून ऐकली. इंग्रजी शब्द अडले नाहीत. कविता ते देवनागरीत लिहून पाठ करायची. उशिरा पडणारी थापसुद्धा तिला चटकन जमली. अडलं ते वेगळ्याच ठिकाणी. ती सुरुवात नीट करायची, आपली चाल आपल्या जागी. मग मंदाताई शेजारी आपला तिसरा सूर लावायच्या आणि दोन ओळींत कविता आपली चाल सोडून मंदाताईंच्या सुरावर येऊन बसायची. तिचं तिलाही कळायचं नाही. पुन्हा सुरू, पुन्हा तेच.

कान तिचा तयार होता. आड येत होतं ते वळण. आमच्याकडं मोठं माणूस जिथं गातं तिथं लहानानं गायचं असतं. भजनात असो, भीमगीतात असो, म्होरक्यानं ओळ टाकली की आपण ती उचलायची. मोठ्या बाईच्या तोंडावर आपला वेगळा सूर चढवून ठेवणं म्हणजे तिला उलट बोलणं. कविता उलट बोलणारी पोर नव्हती.

मंदाताईंनी तिला शिरूरच्या आठवडी बाजारात नेलं. दोन भाजीवाल्या शेजारी शेजारी बसून ओरडत होत्या.

“ही मेथी पाचला वरडती म्हनून ती आपली दहाची भेंडी पाचला वरडती का?”

“न्हाई.”

“का न्हाई?”

“तिचा माल, तिचा भाव.”

“आन् भांडण हाय का त्यांचं?”

“जेवत्यात की एका डब्यात.”

“मग तू का माझ्या भावानं इकतीस?”

कविताला पटलं. घरी येऊन गायली आणि दोन ओळींत पुन्हा मंदाताईंच्या सुरावर. पटणं निराळं आणि घशाला उमजणं निराळं. इकडं हेझल मिसचं तिकीट निघालं होतं. डेनिस म्हणायला लागला होता की आता गाशा गुंडाळू. मंदाताईंना झोप लागत नसावी, कारण त्यांच्या खोलीतला दिवा पहाटेच लागायचा.

मग एके दिवशी त्या म्हणाल्या, “उद्यापास्नं तालमीत मला ताई म्हनायचं न्हाई.”

“मग काय म्हनू?”

“मंदे म्हन.”

भिंतीपलीकडं कविताच्या हातातली वही खाली पडल्याचं ऐकू आलं.

“तालमीपुरतं. ये मंदे, जा मंदे. येकदा भायेर पडलं की ताई.”

ही बातमी कविताच्या आईपर्यंत गेली आणि ती आमच्या दारातच येऊन उभी राहिली. “आगं, तुझ्या आईपरास मोठी हाय ती. जीभ झडंल,” असं पोरीला म्हणाली आणि मंदाताईंना म्हणाली, “बाई, गाणं शिकवा, संस्कार नगा बिघडवू.” मंदाताईंनी तिला पाणी दिलं आणि हात जोडले. पण नियम बदलला नाही.

कविताच्या तोंडून शब्द निघेना. ती “ओ... हे...” असं काहीतरी म्हणून वेळ मारून न्यायची. तिनं एकेरी हाक मारल्याशिवाय मंदाताई सूरच लावायच्या नाहीत. काही दिवस नुसते या हट्टात गेले. शेवटी एकदा कविता डबल ड्युटी करून आली होती. तिचे हात वायरींनी सोललेले होते. गाणं सुरू झालं, ती घसरली. पुन्हा घसरली. मंदाताई म्हणाल्या, “कंपनीत बी आशीच दुसरीच्या लाइनीवर जातीस का?”

आणि कविता भडकली.

“मंदे, तुझं तू गा. माझं मला गाऊ दे.”

त्याच रागात तिनं चाल उचलली, मोठ्यानं, आणि मंदाताईंनी क्षणही न दवडता शेजारी आपला सूर ठेवला. या खेपेला कविता हलली नाही. दोन ओळी गेल्या, चार गेल्या, कडवं संपलं. दोघींच्या सुरांच्या मध्ये कुणीतरी तिसरं गुणगुणतंय असं मला भिंतीपलीकडून वाटत राहिलं. दोन सूर नीट जुळले की असं होतं म्हणतात. माझी आई कणीक तशीच ठेवून भिंतीपाशी आली होती.

गाणं संपल्यावर कविता रडायला लागली आणि “ताई, माफ करा” म्हणायला लागली.

“अजून तालीम संपली न्हाई,” मंदाताई म्हणाल्या. “नीट बोल.”

“माफ कर, मंदे.”

“आता कसं.”

हेझल मिस गेल्या त्या रविवारी जंक्शन फोर कविताला पुढं घेऊन गायलं. प्लॅटफॉर्मवर नाही, हॉलमध्येच. हेझल मिसना पहिल्या रांगेत बसवलं होतं. त्यांनी सगळं गाणं मान खाली घालून ऐकलं आणि कविताला फक्त एक उच्चार दुरुस्त करून दिला. रॉनी अंकल म्हणाले, “इंजन बदल गया, गाड़ी वही है.”

त्यानंतर बरीच वर्षं ही गाडी चालली. दौंडची लग्नं, कॉलनीतला नाताळचा नाच, पुण्यातली हॉटेलं. सणसवाडीच्या एका कंपनीच्या वार्षिक समारंभात पुढच्या खुर्च्यांवरचे अधिकारी गाणं चालू असताना खात-बोलत राहिले आणि मागं उभे असलेले लाइनवरचे लोक, त्यात बिहारचे होते, मराठवाड्याचे होते, ते मात्र शेवटपर्यंत गप्प उभे राहिले, कारण पुढं त्यांच्यातली एक गात होती. तिच्या मागून तिला उचलून धरणारी बाई कोण, हे कुणी विचारलं नाही. मी तेव्हाही चिडलो. मंदाताई परतीच्या गाडीत शेंगा खात होत्या.

एक्स्चेंजमधली यंत्रं बदलली, ऑपरेटरची गरज संपत गेली, त्यांना बिलांच्या खिडकीवर बसवलं. पण उजव्या कानाला लावलेल्या त्या हेडफोननं तोवर आपलं काम केलं होतं, तो कान निकामी झाला होता. हे उघड झालं ते अपघातानंच. सरावाला डेनिसला यायला उशीर झाला, तो धावत येऊन मिळेल तिथं उभा राहिला, म्हणून त्या दिवशी उभं राहायच्या जागा बदलल्या. एरवी कविता मंदाताईंच्या उजवीकडं असायची, त्या दिवशी डावीकडं आली. मीही तिथं होतो, खुर्च्या लावायला मदत करत. पहिलं गाणं संपलं तसं मंदाताई म्हणाल्या, “पुन्हा.” पुन्हा झालं.

“कविता, तू खाली का उतरलीस?”

“न्हाई उतरले.”

“उतरलीस. म्या घसरले म्हनून तू माझ्यासाटी उतरलीस.”

  डेनिस बुटाची लेस बांधायला वाकला तो वर उठेना.

“कवापास्नं चाललंय हे?”

उत्तर रॉनी अंकलनी दिलं. “बेटी, गर्मी में पटरी भी थोड़ा फैलता है.”

“अंकल, फैलली की गाडी उतरती.”

म्हणजे बरेच दिवस त्या थोड्या खाली गात होत्या. त्यांना ते त्यांच्या गेलेल्या कानानं कळत नव्हतं, आणि ते तिघं त्यांना कळू नये म्हणून आपापला सूर खाली आणत होते. माझ्यासारख्याला यात माणुसकी दिसली आणि मी तसं बोललोही. मंदाताईंनी माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही. त्यांनी पर्स उचलली आणि भिंतीकडच्या खुर्चीवर जाऊन बसल्या.

“आता गा,” त्या म्हणाल्या. “खरं गा.”

तिघं गायले. गाणं उभं राहिलं नाही. मधे भगदाड पडल्यासारखं ऐकू येत होतं, आणि आयुष्यात पहिल्यांदा मला तिसरा सूर म्हणजे काय ते नीट कळलं.

कविता म्हणाली, “ताई, तुम्ही जमंल तसं गा, आमी हाय.” मंदाताई म्हणाल्या, “म्हनूनच न्हाई गाणार.” आणि तेव्हापासून त्या तिसरा आवाज शोधतायत. पुढचा आवाज शोधायला त्यांना काही महिने लागले होते. याला वर्षं जातायत. संगीताच्या परीक्षा दिलेल्या एक शिक्षिका येऊन गेल्या. “मागं उभं राहायला एवढं शिकले का मी?” म्हणाल्या. दवाखान्यातली एक नर्स आली, गळा सुरेख, पण दर गाण्यात तिची बोटं माइककडं जायची. रॉनी अंकल आता काठी घेऊन येतात. डेनिस बदलीला नाही नाही म्हणत थांबलाय. कविताला शिक्रापूरला नवऱ्याचं दुकान आहे, दोन मुलं आहेत, तरी ती रविवार चुकवत नाही. तिघं उभे राहतात तेव्हा डेनिस आणि रॉनी अंकल यांच्यामध्ये एका माणसाची जागा सोडतात.

मी मंदाताईंना शेवटचं पाहिलं ते चौफुल्याच्या स्टँडवर. आमच्या गाडीची कंडक्टर तरुण बाई होती. पलीकडच्या गाडीचा कंडक्टर “पाटस, कुरकुंभ, दौंड” म्हणून ओरडत होता आणि ही त्याच वेळी “न्हावरा, शिरूर” म्हणून ओरडत होती. त्याच्या आवाजात तिचा मिसळत नव्हता. मंदाताईंनी मान वळवून डावा कान तिच्याकडं केला. जरा वेळ ऐकलं. मग जवळ गेल्या.

“बाई, तुम्ही गाता का?”

“ड्युटीवर न्हाई.”

“आन् ड्युटी नसताना?”

“ड्युटी नसताना झोपते, मावशी. चढा, न्हाईतर ऱ्हावा.”

मंदाताई हसल्या. चढल्या नाहीत, त्यांना दौंडला जायचं होतं. गाडी सुटली तेव्हा मी मागच्या काचेतून पाहिलं. मंदाताई गाड्यांच्या मधल्या मोकळ्या जागेत, हातात पर्स धरून उभ्या होत्या आणि स्टँडवर ओरडणाऱ्या एकेकाकडं कान फिरवत होत्या.

म्हणून हे लिहिलं. तुमच्या घरात, शेजारी, कंपनीच्या बसमध्ये, आरतीत, वंदनेत अशी एखादी बाई असेल, जी सगळे गात असताना भलताच सूर लावते आणि लोक तिला ‘तू गप’ म्हणतात, तर तिला गप्प बसवू नका. इंग्रजी येत नसलं तरी चालेल. आवाज बारीक असला तरी चालेल. तिला रविवारी दुपारी चार वाजता दौंडच्या रेल्वे कॉलनीतल्या हॉलवर घेऊन या. ती एकटी यायला लाजेल, तेव्हा तुम्हीही या.